आठशे नंबर

प्लंबर आला, न्हाणीच्या स्लॅबला
नव्या पाइपासाठी गोल भोक पाडून गेला.
बादलीत पडलेला तुकडा पायरीवर ठेवून गेला,
चुकून आपल्याकडे आलेलं शेजाऱ्याचं टपाल ठेवावं तसा.

बरणीच्या बुचाएवढा. एका कडेला कापलेली सळी,
गंजून तांबडी.
टाकायला उचलला आणि टाकला नाही.
का, ते सुलक्षानं विचारलं.
मलाही विचारायचं होतं.

म्हापशात हार्डवेअरवाल्याकडे पॉलिशपेपर मागितला,
पाण्यात चालणारा, ऐंशीपासून पुढचे सगळे नंबर.
गाडी रंगवताय?
म्हटलं, नाही, काँक्रीट घासतोय.
त्यानं सुट्टे जरा जपूनच मोजून दिले.

जुन्या आरशाची काच ओट्यावर, काचेवर ओला कागद,
कागदावर तुकडा, तुकड्यावर माझे दोन्ही हात.
इंग्रजी आठ गिरवत राहायचं.
ऐंशी नंबर खरखरतो, शेजारच्या कुत्र्याचे कान उभे राहतात.
एकशेवीसला चिखल सुटतो, नाचणीच्या आंबिलासारखा,
बोटांच्या बेचक्यांत वाळून तडकतो.
बारीक भोकं दिसली की सिमेंटची पेज भरायची,
दोन दिवस थांबायचं.
घाई केली तर मागच्या नंबरचे ओरखडे
पुढच्या नंबरला सापडतात, मग पुन्हा मागे.
तीस वर्षं पंचायतींचे हिशेब तपासले,
इतकं प्रामाणिक खातं पाहिलं नाही.

त्याच आठवड्यात रेशनच्या दुकानात
माझा अंगठा मशीनला पटेना.
पुसला, फुंकला, परत दाबला. मागे रांग.
काँक्रीटच्या आधी मीच गुळगुळीत झालो होतो.

चारशेला खडी उघडी पडली.
काळी, हिरवट झाक असलेली. एक खडा जांभळ्या शिरेचा.
आणि सळीपासून दोन बोटांवर
पांढरी, बारीक कमान.
चष्मा बदलून पाहिलं.
नखाची कोर म्हणावी तर फार जाड,
चुना म्हणावा तर फार नेमकी.
सुलक्षानं हातातलं भांडंही खाली ठेवलं नाही.
"तिसरी ती," म्हणाली, आणि गेली.

तिसरी. म्हणजे रेती खाडीची. खारट.
आणि उल्हासदादा तर देवासमोर हात ठेवून म्हणाला होता,
वरच्या अंगाची आणलीय, गोड्या पाण्याची,
ट्रकमागे दोनशे जास्त पडले.
ते दोनशेही आम्ही दिले होते.

बत्तीस वर्षं हा स्लॅब ठिबकतोय, पापुद्रे टाकतोय,
आत सळ्या फुगतायत,
आणि आम्ही बोल लावत आलो रुजार मेस्त्रीला.
सिमेंट खाल्लं म्हणालो. चारचौघांत म्हणालो.
पुढं कोलवाळात त्याला कुणी काम दिलं नाही.
एकदाच तो फाटकाशी उभा राहून बोलला होता,
"रेंव चाखून पळय, पात्रांव."
आम्ही हसलो. रेती कोण चाखतं?

दादाला जाऊन सहा वर्षं झाली. रुजार त्याच्याही आधी गेला.

आठशेला आवाज जवळजवळ नसतो.
दुपारभर नुसतं पाणी हलतं,
कागद मऊ पडतो, आणि तुकड्यात
हळूहळू खिडकी दिसायला लागते, गजांसकट.
मेणबत्तीचं मेण चोळलं, बनियनच्या चिंधीनं पुसला.
मेण लावण्याआधी, कुणी बघत नाहीसं पाहून,
जीभ लावली होती.
खारट लागलं.
पण हात घामेजले होते माझे,
पुरावा म्हणून चालणार नाही.

शुक्रवारी म्हापशाच्या बाजारात गेलो.
रुजारची मुलगी पिएदाद तिथं मासळी घेऊन बसते,
बापासारखीच, मान वर न करता बोलते.
तुकडा खिशात होता. मांडीला थंड लागत होता.
काढला नाही.
तिसऱ्यांचे दोन वाटे घेतले,
आयुष्यात पहिल्यांदा घासाघीस न करता.